दुर्गाच्या किंकाळीआधी

स्मिता पाटील जन्मली पुण्यात, पण तिचे वडील शिवाजीराव गिरधर पाटील आपल्या शिरपूरचे. म्हणून साक्रीतही तिचा विषय निघाला की बोलणाऱ्याच्या आवाजात माहेरवाशिणीची माया येते. ‘उंबरठा’ आणि ‘जैत रे जैत’ इथे सगळ्यांनाच ठाऊक. माझ्या मते तिची खरी ताकद कळते ती मृणाल सेन यांच्या ‘अकालेर संधाने’त (१९८०). चित्रपट बंगाली आहे, पण साक्रीच्या माळमाथ्यावर तो परका वाटायचं कारण नाही. बहात्तरच्या दुष्काळात खडी फोडलेली, सुकडीवर दिवस काढलेली माणसं आपण जवळून पाहिली आहेत.

१९४३च्या दुष्काळावर चित्रपट काढायला शहरातली मंडळी एका खेड्यात उतरतात. त्यांच्यातल्या नटीचं नाव स्मिताच, आणि ती सावित्रीचं काम करते आहे. चित्रीकरण चालू असताना गावातली दुर्गा कडेला उभी राहून बघते. दुर्गाचा नवरा अपंग, घरात खायची मारामार. चित्रित होणाऱ्या प्रसंगात सावित्री अब्रू देऊन तांदूळ घेऊन येते. नवऱ्याला ते उमगतं आणि संतापाच्या भरात तो मुलाच्या जिवावर उठतो. तेवढ्यात किंकाळी येते ती दुर्गाची. श्रीला मजुमदारची ती किंकाळी अंगावर काटा आणते. मी मात्र त्याआधीची स्मिता पुन्हा पुन्हा पाहते. प्रसंग खिशात घालायची पुरेपूर संधी तिच्या हाती होती. तिनं सावित्रीला थोडी जरी जास्त रडवली असती, तरी दुर्गाचं ओरडणं तिचाच प्रतिध्वनी वाटलं असतं. तिनं जागा मोकळी ठेवली. प्रेक्षकासमोर नटी दुष्काळाचं सोंग वठवते आणि दुष्काळ भोगणारी बाई बाजूला उभी असते, हे लाजिरवाणं अंतर त्या जागेमुळेच दिसतं. एवढा मोठेपणा फार थोड्या नटांकडे असतो.

या कामाची सुरुवात जुनी आहे. अरुण खोपकरांच्या ‘तीव्र मध्यम’ या फिल्म इन्स्टिट्यूटमधल्या चित्रपटात ती १९७४ सालीच दिसली होती. ‘भूमिका’ आणि ‘चक्र’नं राष्ट्रीय पुरस्कार दिले. पण कुमार शहानींच्या ‘तरंग’मध्ये (१९८४) तिनं पुरस्काराच्या हिशेबात न बसणारं धाडस केलं. गिरणी कामगाराची विधवा जानकी शेवटी पुराणातल्या उर्वशीसारखी बोलू लागते. त्यामागे दामोदर कोसंबींनी लावलेला उर्वशी-पुरूरव्याचा अर्थ आहे. शब्द जवळजवळ पठणासारखे येतात. ज्या चेहऱ्यावर निम्मा समांतर सिनेमा उभा राहिला, तोच चेहरा तिनं इथे आवरून धरला आणि सगळा भार चालण्यावर, उभं राहण्यावर टाकला. ‘तरंग’ अवघड आहे, हे कबूल. कथा हातातून निसटली तर निसटू द्यावी आणि फक्त जानकीच्या हालचालींकडे बघत राहावं. पुढच्या वेळी कथाही सापडते.