टाळ्या पुरे, लेख वाचा

बायकांसाठीच्या लेखन-कार्यशाळांचं सध्या पीक आलं आहे. जाहिरातीत स्त्रीवाद असतो, सामाजिक न्याय असतो, कोपऱ्यात सावित्रीबाईंचं चित्र असतं. आत गेल्यावर एकच मंत्र: मोकळ्या व्हा, मनातलं कागदावर उतरवा, चूक-बरोबर असं काही नसतं. मग प्रत्येकीच्या लेखाला टाळ्या, आणि शेवटी प्रमाणपत्र. हे सगळं सावित्रीबाईंच्या नावानं चालावं, याचा मला संताप येतो.

कारण फुले दांपत्याच्या शाळेत कसलं लेखन घडत होतं, याचा पुरावा आपल्यासमोर आहे. त्या शाळेतल्या मुक्ता साळवेचा निबंध १८५५ साली ‘ज्ञानोदया’त छापून आला. आपण तो ३ जानेवारीला, सावित्रीबाईंच्या जयंतीला, बाहेर काढतो, ‘हृदयद्रावक’ म्हणतो आणि पुन्हा ठेवून देतो. नीट वाचला तर कळतं, की ही मांग मुलगी करुणा मागत नाही, वाद घालते. वेद आमचेच, असं ब्राह्मण म्हणतात. मग आम्हाला धर्मग्रंथच नाही. मग आमचा धर्म तरी कोणता? समोरच्याचं म्हणणं क्षणभर मान्य करायचं, शेवटपर्यंत रेटायचं आणि त्याच्याच अंगावर कोसळू द्यायचं. डोक्यावर छप्पर नसताना बाळंत होणाऱ्या बायकांचे हाल ती सांगते, तेही पुरावा म्हणून. ही तालीम तिला कुणीतरी दिली होती.

त्याच वर्षी जोतीरावांनी शिक्षणाची बाजू मांडणारं ‘तृतीय रत्न’ हे नाटक लिहिलं. समाजशास्त्रज्ञ शर्मिला रेगे यांनी २०१० मध्ये फुले-आंबेडकरी स्त्रीवादी अध्यापनाविषयी लिहिताना हेच नाव शीर्षकात घेतलं. त्याआधी, २००६ च्या ‘रायटिंग कास्ट / रायटिंग जेंडर’मध्ये त्यांनी दलित स्त्रियांच्या आत्मकथनांकडे साक्ष म्हणून पाहिलं. साक्ष ऐकून डोळे टिपायचे नसतात, ती तपासून निकाल द्यायचा असतो. वर्गात स्त्रीवाद आणायचा असेल तर मला हा एवढा एकच रस्ता धड दिसतो.

   

यावर ठरलेला आक्षेप येतो: पहिल्यांदाच पेन धरणाऱ्या बाईला पुरावे मागाल तर ती पळून जाईल. तिला आधी धीर द्या. पण दलित लेखिका बेबी कांबळे यांना कोणत्या कार्यशाळेनं धीर दिला होता? दुकानात बसून, घरच्यांपासून लपवत त्यांनी आपलं आत्मकथन लिहिलं. अभ्यासक मॅक्सीन बर्नसन यांनी ते वाचलं आणि छापायला लावलं. आणि ताराबाई शिंदे? सुरतच्या विजयालक्ष्मी या विधवेवर चाललेल्या बालहत्येच्या खटल्यावरून बायकांवर उठलेली झोड वाचून त्यांनी १८८२ मध्ये ‘स्त्रीपुरुष तुलना’ छापली. ते पुस्तक पहिल्या पानापासून भांडतं, आरोपामागून आरोप घेऊन तो पुरुषांवर उलटवतं. ‘चूक-बरोबर असं काही नसतं’ असं ताराबाईंना कुणी सांगितलं असतं, तर त्याचीही त्यांनी खरडपट्टी काढली असती.

मुळात आपण लाल शाई नको तिथं वापरतो. शांताबाई कांबळे यांच्या ‘माज्या जल्माची चित्तरकथा’चं शीर्षक दहावीच्या पेपरात लिहिलं तर शुद्धलेखनाचे गुण जातील. म्हणजे बोलीवर रेघा, आणि ढिसाळ विचारावर ‘छान, मनापासून लिहिलंस’. हे नेमकं उलटं व्हायला हवं. बोलीला हात लावू नका. मुद्द्याला मात्र मोकळं सोडू नका.

मोकळं सोडण्यात जातही आहे. शहरातल्या, इंग्रजी शाळेत शिकलेल्या मुलीचा लेख शिक्षिका खोडते, प्रश्न विचारते, तीनदा लिहून घेते, कारण ही पुढं लिहील अशी तिला खात्री असते. वस्तीतून आलेल्या मुलीचा लेख ऐकून तीच शिक्षिका गहिवरते आणि पुढच्या नावाकडं वळते. याला संवेदनशीलता म्हणायचं? त्या मुलीचा मजकूर कुणी वाचलेलाच नसतो. तिला ‘हे पटत नाही, सिद्ध कर’ असं समासात लिहून मिळायचा हक्क आहे, आणि त्यावर शिक्षिकेशी भांडायचाही. शुल्क घेऊन सामाजिक न्याय शिकवणाऱ्यांनी एवढं करावं, नाहीतर जाहिरातीतून सावित्रीबाईंचं चित्र काढावं.