गोंदणाची खूण

नोव्हेंबर महिना हा आपल्याकडे मृतांच्या स्मरणाचा. त्याच्या आगेमागे संपादकमहाशय कवितांचा एक गठ्ठा आमच्याकडे वाचावयास पाठवितात. यंदाच्या गठ्ठ्यात वीसेक कविता श्रद्धांजलीपर होत्या. कोणी आईवर लिहिले होते, कोणी आजोबांवर, कोणी अकाली गेलेल्या मित्रावर. बहुतेकांत आकाश होते, तारे होते, देवदूत होते आणि शेवटच्या कडव्यात प्रकाशाची वाट होती. वृत्ते बहुधा सांभाळलेली, भावना प्रामाणिक. तरीही सर्व वाचून झाल्यावर नेमके कोण वारले, हे आम्हांला सांगता आले नसते.

हा दोष नवोदित कवींच्या माथी मारून मोकळे होण्याचा अधिकार मात्र आम्हांला नाही. काही वर्षांपूर्वी एका बागाईतदाराच्या अंत्यविधीत आम्ही प्रवचन केले. पुनरुत्थानाची आशा, तात्पुरता वियोग, पित्याचे घर, सारे क्रमवार सांगितले. आठवड्याने त्याच्या घरी गेलो तेव्हा त्याची पत्नी म्हणाली, "फादर, तुम्ही बोललात ते चांगलंच होतं. पण ते आमच्या ह्यांच्याबद्दल नव्हतं." ती रागाने बोलली नव्हती. खुंटीला अडकविलेल्या कोयत्याकडे पाहत बोलली होती. सेमिनरीत आम्ही मरणाविषयी पुष्कळ शिकलो होतो. त्या कोयत्याकडे कसे पाहावे, हे शिकलो नव्हतो.

ते आम्हांला उशिरा शिकविले बहिणाबाई चौधरींनी. जळगावजवळच्या असोदे गावी १८८० साली जन्मलेली ही शेतकरीण. अक्षरओळख नाही. वयाच्या तिशीच्या सुमारास वैधव्य. शेतात राबताना आणि जात्यावर बसल्या बसल्या ती ओव्या रचीत गेली, आणि त्यांतील काही तिचे पुत्र कवी सोपानदेव व इतर आप्तांनी टिपून ठेवल्या म्हणून वाचल्या. १९५१ साली त्या वारल्या, आणि पुढल्याच वर्षी आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह 'बहिणाबाईंची गाणी' प्रसिद्ध झाली. (जळगावच्या विद्यापीठाला २०१८ साली त्यांचे नाव देण्यात आले. सही करू न शकणाऱ्या बाईचे नाव आता पदवीच्या कागदावर असते, ही गोष्ट आम्हांला फार आवडते.)

बहिणाबाईंचे नाव घेताच लोकांना त्यांची सुभाषिते आठवतात. कॅलेंडरावर छापावीत, निरोपसमारंभात म्हणावीत अशी. आम्हीही ती प्रवचनांतून मुक्तहस्ते वापरली आहेत. परंतु आज आमचे मत असे झाले आहे की, जिथे त्यांची ओळ सहज सुटी करून नेता येते तिथे त्यांची कविता तिच्या सर्वोत्तम रूपात नसते. संसाराविषयीचे त्यांचे प्रसिद्ध गाणेच घ्या. त्यातील तत्त्व म्हटले तर कोणीही सांगेल: कष्टावाचून सुख नाही. पण ते तत्त्व चुलीवरच्या तव्यातून आणि भाजलेल्या हातातून आले आहे. हात आधी भाजतो, भाकर मागून मिळते. अर्थ त्याच्याही मागून. हा क्रम उलटा केला की उरते ती केवळ म्हण.

वैधव्यावरील त्यांच्या रचनेत हा क्रम किती कठोरपणे पाळला आहे ते पाहण्याजोगे आहे. नवरा गेल्यावर समाज बाईच्या अंगावरून एकेक खूण काढून घेतो. कुंकू पुसले जाते, बांगड्या फुटतात, मंगळसूत्र तुटते. बहिणाबाई प्रत्येक खूण हातात घेतात आणि तिच्यामागे काय उरले ते पाहतात. कुंकवामागे गोंदण उरते, बांगड्यांमागे मनगटातील कर्तबगारी, मंगळसूत्रामागे गळ्याची शपथ. शोकाच्या घरात एखादी जाणती बाई कपाट उघडून काय आहे नि काय नाही ते मोजते, तशी ही मोजणी आहे. तीत हुंदका नाही असे नाही, पण हुंदक्याने मोजणी थांबत नाही.

त्यातही गोंदणाचे स्थान निराळे. कुंकू रोज लावायचे असते आणि म्हणून ते पुसता येते. गोंदण सुईने कातडीत गेलेले असते. ते करताना दुखलेले असते. स्मृती म्हणजे काय, यावर पानेच्या पाने लिहिली गेली आहेत. या निरक्षर बाईने ती आपल्याच कपाळावर दाखविली. पुनरुत्थित ख्रिस्ताच्या देहावर घावांच्या खुणा कायम होत्या आणि थोमाला त्याच दाखविल्या गेल्या, ही शुभवर्तमानातील गोष्ट आम्ही वर्षानुवर्षे वाचीत आलो. नव्या देहावर जुने व्रण कशासाठी, हा प्रश्न आम्हांला बहिणाबाई वाचल्यावर प्रथम पडला. बहिणाबाईंना ख्रिस्ती ठरविण्याचा आमचा मुळीच हेतू नाही. असा अगोचरपणा आपल्याकडे पुष्कळ झाला आहे. त्यांची श्रद्धा त्यांची होती.

त्याच रचनेत त्या धरतीला विचारतात की, झाड निघून गेले आणि सावली मागे राहिली, ही जादू झाली कशी? हा प्रश्न त्यांनी पुरोहिताला विचारला नाही, आकाशालाही नाही. शेतकऱ्याची बाई, जिच्याशी तिचा रोजचा व्यवहार, तिलाच तिने विचारले. आणि धरती काही उत्तर देत नाही. आमच्यासारख्या प्रवचनकाराला इथे उत्तर द्यावेसे वाटते. जीभ वळवळते. पण बहिणाबाई उत्तर न घेताच डोळ्यांपुढल्या दोन मुलांकडे वळतात आणि जीवाला रडू नको म्हणून समजावतात. दुसऱ्या एका गाण्यात दाराशी आलेल्या ज्योतिष्यालाही त्या परत पाठवितात. हातावरच्या रेघोट्यांना त्यांच्या लेखी किंमत नाही. दोन्हीकडे हातच आहे, हे योगायोगाने घडले असेल असे आम्हांला वाटत नाही. जो हात राबतो तो कोणाला वाचावयास द्यायचा नसतो.

इंदिरा संत यांची कविता याच्या शेजारी ठेवून पाहावी. पती ना. मा. संत यांच्यासह काढलेल्या 'सहवास'नंतर १९४६ साली त्यांना वैधव्य आले आणि १९५१ च्या 'शेला'पासून त्यांच्या कवितेत तो विरह खोल झिरपत राहिला. त्यांचे दुःख एकांतातले, सुशिक्षित मनाचे, निसर्गाच्या रंगगंधांत विरघळलेले. शब्दकळेच्या दृष्टीने त्या निःसंशय अधिक सूक्ष्म आहेत. तरी मयताच्या घरी जाताना आमच्या मनात बहिणाबाईच येतात. तिथे चूल पेटवावी लागते, गुरांना पाणी दाखवावे लागते. एकांत परवडत नाही.

भाषेविषयी एक गोष्ट सांगितली पाहिजे. बहिणाबाईंच्या बोलीला सरसकट अहिराणी म्हणतात, ते बरोबर नाही. ती खानदेशातील लेवा समाजाची बोली. शहरी वाचकाला तिच्यासाठी शब्दार्थ लागतात. घरी सामवेदी बोलून शाळेत पुस्तकी मराठी शिकलेल्या आमच्या वसईच्या वाचकाला ती तितकी परकी वाटू नये. मग आमचे कवी आजीच्या मरणावर लिहिताना आजीची भाषा उंबऱ्याबाहेर का ठेवतात? ज्या बोलीत तिने आपल्याला हाक मारली तिच्यात तिचे जाणे सांगता येत नाही, असे कोणी ठरविले?

गठ्ठ्यातील एका कवितेपाशी आम्ही थांबलो. कवी महाविद्यालयीन विद्यार्थी असावा. आजीच्या चष्म्याची दांडी मोडली होती आणि तिने तिथे काळा दोरा बांधला होता, असे दुसऱ्या कडव्यात येते. जपमाळ म्हणताना तो दोरा कानामागून सुटे आणि नातवाला तो बांधून द्यावा लागे. तिसऱ्या कडव्यात कवीने आजीचा तारा करून टाकला आणि चष्मा कुठे गेला ते कळले नाही.

ती कविता आम्ही संपादकांकडे न पाठविता कवीकडे परत पाठविली आहे. सोबत चार ओळींची चिठ्ठी जोडली. तारा काढावा, चष्मा ठेवावा, आणि तो आता घरात कुठे आहे, दोरा त्यावर अद्याप बांधलेला आहे काय, तेवढे लिहून कळवावे.