झील कुणी धरायची?

गेल्या कोजागरीला आमच्या अनसिंगात खंजिरी भजनाच्या बैठकीत एका मुलाने ‘मल्हारवारी’ म्हटली. मोबाइलवरचा ट्रॅक ध्वनिक्षेपकाला जोडलेला होता. मुलाचा आवाज चांगला, सूरही पक्का. मागे बसलेल्या पाच झीलकऱ्यांना मात्र काम उरलं नव्हतं. त्यांच्या वाट्याच्या ओळी ट्रॅकमध्ये आधीच भरलेल्या होत्या. शाहीर साबळे यांचं कुटुंब आणि मराठी चित्रपट यांच्या नात्याकडे मला त्या पाच जणांच्या जागेवरून पाहावंसं वाटतं.

कृष्णराव साबळे (१९२३–२०१५) वाई तालुक्यातल्या पसरणीचे. पत्नी भानुमती गाणी रचत, मुलगा देवदत्त संगीतकार झाला, कन्या चारुशीला ‘महाराष्ट्राची लोकधारा’मध्ये नाचल्या. नातू केदार शिंदे आणि त्याचे मित्र भरत जाधव, अंकुश चौधरी याच पथकात घडले. त्यामुळे हे कुटुंब रक्ताच्या नात्यापुरतं नव्हतं. मागे उभं राहून झील धरता धरता पुढे यायचं, ही तिथली शाळा होती.

२००४ मध्ये केदार शिंदे यांनी ‘अगं बाई अरेच्चा!’ केला. आजोबांनी रंगमंचावर गाजवलेली ‘मल्हारवारी’ त्यात अजय-अतुल या भावांनी नव्याने बांधली आणि अजय यांनी गायली. खंडोबाच्या नावाने वारी मागण्याचं हे गाणं एका नव्या पिढीच्या तोंडी बसलं. हे ऋण नाकारता येणार नाही. चित्रपटातल्या गाण्यातही समूहस्वर आहेत, पण ते मुख्य आवाजाला भरदारपणा देण्यासाठी. जागरणात झीलकरी हा दुसरा बोलणारा असतो. तो ओळ उचलतो, लांबवतो, समोरची माणसं पाहून गायकाला थांबवतो किंवा पुढे ढकलतो. ध्वनिमुद्रणात हा व्यवहार एकदाच होतो आणि तिथेच गोठतो.

२०२३ चा ‘महाराष्ट्र शाहीर’ ही तक्रार दूर करील, अशी माझी अपेक्षा होती. दिग्दर्शक नातू, शाहिरांच्या भूमिकेत पथकातलाच अंकुश चौधरी, भानुमतींच्या भूमिकेत पणती सना. संगीत पुन्हा अजय-अतुल यांचं. चित्रपटात साने गुरुजी आहेत, संसार आहे, दुरावा आहे. गाणी कानात राहतात. पण ती पडद्यावर येतात ती तयार होऊनच. चाल कशी लागली, कुणी सुचवली, कुणी मोडली, हे फारसं दिसत नाही. भानुमती प्रेयसी आणि पत्नी म्हणून ठळक आहेत, गीतकार म्हणून फिकट.

इथे मला स्पेनचा एक चित्रपट आठवतो. कार्लोस साउरा यांच्या ‘कारमेन’मध्ये (१९८३) फ्लामेंको गिटारवादक पाको दे लुसिया तालमीच्या खोलीत बसून बिझेच्या ऑपेरातली चाल बुलेरियाच्या बारा मात्रांत बसवून पाहतात. भोवतीची मंडळी टाळ्यांनी ठेका धरतात. पाकोंचं पथकही घरचंच होतं. १९८१ पासूनच्या त्यांच्या षटकात भाऊ रामोन गिटारवर आणि पेपे गायनाला होते. साउरांनी गाण्याइतकीच गाणं घडण्याची खटपट दाखवली. त्यामुळे टाळी देणारा माणूसही रचनेत सहभागी आहे, हे प्रेक्षकाला वेगळं सांगावं लागत नाही.

शाहिरांच्या कुटुंबाकडे अशी तालीम दाखवण्याचा हक्क कुणाहीपेक्षा जास्त होता. ती संधी निसटली, असं मला वाटतं. श्रेयनामावलीत गायक-संगीतकारांची नावं मोठी होतात, आणि गावोगावच्या पोरांना वाटतं की गाणं म्हणजे एक आवाज आणि एक ट्रॅक.

त्या रात्री दुधाचे पेले फिरल्यावर म्हाताऱ्या झीलकऱ्याने मुलाला तेच गाणं ट्रॅकशिवाय म्हणायला लावलं. लय खाली आली. मुलगा दोनदा अडखळला. दोन्ही वेळा मागच्या पाच जणांनी ओळ लांबवून धरली, आणि शब्द आठवेपर्यंत खंजिरी वाजत राहिली.