चिंतामणराव देशमुखांचें आत्मचरित्र : एक साधनपरीक्षा

महाडाजवळच्या, रायगडाच्या वाटेवरील नाते गांवीं १४ जानेवारी १८९६ रोजीं जन्मलेले चिंतामण द्वारकानाथ देशमुख यांनीं आपलें आत्मचरित्र इंग्रजींत लिहिलें. ‘द कोर्स ऑफ माय लाइफ’ हा तो ग्रंथ १९७४ सालीं प्रसिद्ध झाला, तेव्हां ग्रंथकाराचें वय ७८ वर्षांचें होतें. पुढें १९८० त दुर्गाबाई देशमुखांचें ‘चिंतामण अँड आय’ आलें. देशमुखांविषयीं लिहूं इच्छिणाऱ्यानें या दोन ग्रंथांकडे धांव घ्यावी हें साहजिक आहे.

आमची तक्रार ग्रंथकारांविषयीं नसून ग्रंथांच्या उपयोगाविषयीं आहे. सनदी अधिकारी, बँकेचे गव्हर्नर, अर्थमंत्री, विद्यापीठ अनुदान मंडळाचे अध्यक्ष, दिल्ली विद्यापीठाचे कुलगुरु, इंडिया इंटरनॅशनल सेंटरचे अध्यक्ष, अशी माळ ओंवली कीं चरित्र झालें, असें मानण्याचा प्रघात पडला आहे. संस्कृतची जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ति आणि मेघदूताचा मराठी पद्यानुवाद हीं शेवटीं शोभेस जोडावयाचीं. वंशावळ म्हणून ही माळ उपयोगी आहे. पण नुसत्या वंशावळीवरून कोणी राज्यकारभार वर्णूं लागला तर वाचक त्यास काय म्हणतील? आत्मचरित्र नायकाच्या स्वहस्ताचें असलें तरी जातीनें तें बखरीजवळचें. प्रसंग सरल्यावर, परिणाम ठाऊक असतां, स्मरणानें लिहिलेलें. त्याची पारख तत्कालीन कागदांनींच व्हावयास पाहिजे.

देशमुख ११ ऑगस्ट १९४३ रोजीं ज्या रिझर्व्ह बँकेचे पहिले हिंदी गव्हर्नर झाले, ती त्या वेळीं सरकारच्या मालकीची नव्हती, हें पुष्कळांच्या ध्यानांत नसतें. ५ कोटि रुपये भांडवलाची ती भागधारकांची संस्था होती. १ जानेवारी १९४९ रोजीं ती राष्ट्राच्या मालकीची झाली. १०० रुपयांच्या भागास ११८ रुपये १० आणे मोबदला मिळाला. दोन्ही व्यवस्थांत मुख्य कारभारी तेच.

या कारकीर्दींतील एक प्रकरण आम्हांस विशेष मोलाचें वाटतें. १२ जानेवारी १९४६ च्या वटहुकुमानें ५००, १,००० व १०,००० रुपयांच्या नोटा रद्द झाल्या. युद्धकाळांत दडविलेला पैसा उघड करावा हा सरकारचा हेतु. सरकारच्या पदरीं १० कोटीदेखील पडणार नाहींत अशी गव्हर्नरांची शंका बँकेच्या १९३५ ते १९५१ च्या इतिहासांत नमूद आहे. १९४७ अखेरपर्यंत १४३.९७ कोटींपैकीं १३४.९ कोटींच्या नोटा बदलून नेल्या गेल्या. न आलेल्या अवघ्या ९.०७ कोटींच्या. मत प्रतिकूल असतांही नोटा बदलण्याचें काम त्यांच्या बँकेनें पार पाडलें. म्हातारपणीं ‘मीं तेव्हांच सांगितलें होतें’ असें लिहिणें कोणासही सोपें (आम्हां निवृत्त शिक्षकांस तर ही संवय फारच). परिणामापूर्वीं दिलेल्या अभिप्रायाची नोंद सांपडते, म्हणून तिला किंमत.

दहा वर्षांनीं निराळें वर्तन दिसतें. १९५२ त ते कुलाबा जिल्ह्यांतून, म्हणजे १९८१ पासून ज्यास रायगड म्हणतात त्या जिल्ह्यांतून, लोकसभेवर निवडून आले होते. जुलै १९५६ त मुंबईच्या प्रश्नावर त्यांनीं अर्थमंत्रिपद सोडलें. मुंबई केंद्राच्या ताब्यांत ठेवण्याची घोषणा मंत्रिमंडळास न विचारतां झाली, आणि तेथील गोळीबाराची न्यायालयीन चौकशी झाली नाहीं, हे त्यांच्या निवेदनांतील मुख्य आक्षेप. या राजीनाम्याचीं कीर्तनें महाराष्ट्रांत पुष्कळ झालीं. परंतु पंतप्रधान नेहरूंनीं सभागृहांत दिलेलें उत्तर शेजारीं ठेवून तें निवेदन वाचणारे विरळा. एका पक्षाच्या कैफियतीवर निवाडा करणें आपल्या शास्त्रांत बसत नाहीं. दोन्ही वाचून आमचें मत असें होतें कीं, १९४६ चा मतभेद एका उपायाच्या फलाविषयीं होता, म्हणून तो नोंदवून काम करितां आलें. १९५६ चा मतभेद मंत्रिमंडळाच्या संयुक्त जबाबदारीविषयीं होता, तेथें राहून काम करणें म्हणजे संमतीच ठरली असती.

लोकसेवेच्या संस्थांविषयींचें लिखाण मात्र सर्वांत तोकडें. १९५३ च्या विवाहानंतर दुर्गाबाईंच्या समाजकार्याशीं त्यांचा निकट संबंध आला, आणि दुर्गाबाईंचा ग्रंथ येथें प्रथमच हातीं घ्यावा असा आहे. तथापि तो पत्नीनें लिहिलेला आहे हें विसरतां येत नाहीं. संस्थेचा अध्यक्ष कित्येकदां कागदाच्या माथ्यावरील नांवापुरता असतो, कित्येकदां तो प्रत्येक पावती तपासतो. देशमुख कोणत्या संस्थेंत कोणत्या प्रकारचे अध्यक्ष होते, हें पदांच्या यादीवरून कदापि कळावयाचें नाहीं. तें सभांच्या इतिवृत्तांत आणि हिशेबाच्या वह्यांत पाहिलें पाहिजे, आणि चरित्रकार तिकडे वळत नाहींत.

रोहें, महाड, अलिबाग या बाजूस ज्यांच्या घरीं देशमुखांचीं पत्रें किंवा १९५२ च्या निवडणुकीचीं पत्रकें असतील, त्यांनीं नक्कल करून ठेवावी व कागद कोणाकडून आला तें वर लिहावें. पत्राचें पाकीट फेकूं नये. पुष्कळदां तारीख टपालाच्या शिक्क्यावरच असते.