पटकथाकार तेंडुलकर आणि ‘आक्रोश’मधील मौन

विजय तेंडुलकर (1928–2008) यांच्या पटकथांकडे त्यांच्या नाटकांचे परिशिष्ट म्हणून पाहण्याची प्रथा पडली आहे. ती टिकण्याजोगी नाही. तेंडुलकरांच्या नाटकाचे सामर्थ्य संवादांत. परंतु ‘निशांत’ (1975), ‘मंथन’ (1976), ‘आक्रोश’ (1980) व ‘अर्धसत्य’ (1983) या चारही हिंदी चित्रपटांचे संवाद इतरांच्या लेखणीतून उतरलेले आहेत. नाटककाराने आपले मुख्य आयुध दुसऱ्याच्या स्वाधीन केल्यावर जे उरते, ते पटकथाकाराचे निखळ कर्तृत्व होय: प्रसंगांची योजना, आणि कोणी बोलावे व कोणी बोलू नये याचा निर्णय. (दूरदर्शनवरील ‘स्वयंसिद्धा’ ही मालिका या दृष्टीने फारसे काही सांगत नाही.)

या निर्णयाचे बीज मराठी ‘सामना’तच दिसते. 1975 मध्ये बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेसाठी गेलेल्या त्या चित्रपटात मास्तर आणि हिंदुराव यांची शब्दांची झुंज रंगते. ज्याच्यावरून ती पेटते तो मारुती कांबळे मात्र नाहीसा झालेला असतो. ‘आक्रोश’मध्ये पीडित समोर आहे, पण मुका. पत्नीच्या खुनाचा आरोप असलेला लहान्या भिकू आपल्या वकिलाशीही बोलत नाही. सरकारी वकील दुसाने स्वतः आदिवासी. तो बोलतो, पण कायद्याच्या भाषेत. अखेरीस बापाच्या चितेपाशी बहिणीवर कुऱ्हाड घालून लहान्या ओरडतो, तेव्हाही त्यातून शब्द फुटत नाही.

पालघरच्या अभ्यासकाला येथे थबकावे लागते. तलासरीजवळील झरी येथे 1945 मध्ये वारली जमले आणि त्यांनी वेठ नाकारली. लग्नाच्या कर्जापायी सावकाराकडे राबणारे लग्नगडी मोकळे झाले. गोदावरी परुळेकरांचे ‘जेव्हा माणूस जागा होतो’ हे पुस्तक 1970 चे, म्हणजे ‘आक्रोश’पूर्वी दहा वर्षांचे. त्यातील आदिवासी बोलतो, नकार देतो.

‘आक्रोश’ हा वारल्यांचा इतिहास नव्हे, हे खरे. शिवाय लहान्याचे मौन हा त्याचा स्वभाव नाही. अत्याचार करणारे आणि न्याययंत्रणा चालविणारे एकाच वर्तुळातले असल्याने ऐकणारा कोणी उरलेला नाही, हे पटकथा समर्थपणे दाखविते. आक्षेप निराळा आहे. संघटनेची भाषा बोलणारा जो एक कार्यकर्ता चित्रपटात येतो तो बाहेरचा, आणि तोही लवकरच दूर केला जातो. लहान्याच्या वस्तीतला दुसरा कोणीही तोंड उघडत नाही. एका माणसाचे मौन पटकथेने कमावले आहे. सबंध वस्तीचे मौन तिने केवळ गृहीत धरले आहे.