देशमाता आणि भाड्याच्या खोलीतली आई



सारा ऑलगुड हे नाव तुम्ही ऐकलं नसेल. मीही ऐकलं नव्हतं. सूतगिरणीत रात्रपाळी करून आलं की लगेच झोप लागत नाही, कानात रिंग फ्रेमची घरघर चालूच असते. अशाच एका सकाळी मोबाईलवर १९३० सालचा एक काळापांढरा सिनेमा बघितला, 'जूनो अँड द पेकॉक'. दिग्दर्शक हिचकॉक. आवाज खरखरीत, कॅमेरा जागचा हलत नाही आन् इंग्रजी डब्लिनच्या गरीब वस्तीतलं. निम्मं डोक्यावरून गेलं. पण त्यातली जाडजूड, थकलेली, रागीट बाई डोक्यावरून गेली नाही. ती सारा ऑलगुड. मग नाटक मिळवलं, डिक्शनरी घेऊन महिनाभर वाचलं, बाईची माहिती काढली. त्यातून जे कळलं ते लिहितोय. मी समीक्षक नाय. पण आपल्या कामाचं इथं काहीतरी आहे.

बाई डब्लिनची. बाप छापखान्यात खिळे जुळवणारा कंपोझिटर, प्रोटेस्टंट. आई कॅथलिक. बाप मेला आन् घर विस्कटलं. धाकटी बहीण मॉली अनाथाश्रमात गेली, शिवणकामाला लागली. पुढं तीही मोठी नटी झाली. सारा मॉड गॉनच्या 'आयर्लंडच्या कन्या' या बायकांच्या संघटनेत गेली आन् तिथं नाटक शिकली. शिकवणारे कोण, तर फे बंधू. विल्यम विजेची कामं करणारा, फ्रँक कारकून. दिवसभर नोकरी, रात्री तालीम. म्हणजे आयर्लंडच्या ज्या राष्ट्रीय रंगभूमीचं जगभर कौतुक होतं, ती उभी राहिली पोटासाठी राबणाऱ्यांच्या रात्रींवर. हे आधी ध्यानात ठेवा.

२७ डिसेंबर १९०४ ला ॲबी थिएटर उघडलं. पहिल्याच रात्री लेडी ग्रेगरीच्या नाटकात सारा होती. पैसा घातला मिस हॉर्निमन या इंग्रज बाईनं, चहाच्या व्यापारातल्या घराण्याच्या. पुढच्या वर्षी मंडळीची रीतसर कंपनी झाली. यीट्स, लेडी ग्रेगरी आन् सिंज हे तिघं डायरेक्टर, बाकी नट पगारी. काही नटांना हे पटलं नाही, ते बाहेर पडले. सारा राहिली. तिला नावं ठेवणं सोपं आहे. पण ज्याला महिन्याचं भाडं भरावं लागतं त्याला पगाराची किंमत विचारा.

यीट्स आन् लेडी ग्रेगरी यांना गरीब माणसाबद्दल कळवळा होता, खोटा नव्हता. पण त्यांचा गरीब खेड्यातला, गाणी म्हणणारा, कवितेत शोभणारा. त्या दोघांनी मिळून लिहिलेलं 'कॅथलीन नी हूलिहान' १९०२ साली पहिल्यांदा रंगमंचावर आलं. काळ १७९८ च्या उठावाचा. लग्नघरात एक म्हातारी येते. ती म्हणजे आयर्लंड, देशमाता. तिला पोरांचं रक्त पाहिजे. नवरदेव लग्न सोडून तिच्यामागं जातो आन् म्हातारीची तरुण राणी होते. पहिल्यांदा ही म्हातारी केली मॉड गॉननं. नंतर सारा ऑलगुडनंही केली.

पुढं साराच्या आयुष्यात काय घडलं बघा. १९१६ मध्ये ती दौऱ्यावर ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडला गेली, तिथं सोबतच्या नटाशी लग्न केलं. १९१८ मध्ये लेक झाली आन् जन्मताच गेली. त्याच साली इन्फ्लुएन्झाच्या साथीत नवरा गेला. बाई एकटी आयर्लंडला परतली.

आणि ३ मार्च १९२४ ला ॲबीत 'जूनो' उभी राहिली. लिहिणारा सीन ओ'केसी, रेल्वेत खपलेला मजूर, डोळ्यांनी अधू, आपल्याआपण शिकलेला, युनियनचा माणूस. देशमाता साकारलेली हीच बाई आता भाड्याच्या दोन खोल्यांतली आई झाली. काळ १९२२ चा, आयरिश यादवीचा. नवरा कामाचं नाव काढलं की पाय दुखतात म्हणणारा दारुडा. पोरगी संपावर. पोरगा जॉनी इंग्रजांशी लढताना अधू झाला, मग यादवीत एक हात गेला. जॉनी तत्त्वाची भाषा करतो, तेव्हा आई त्याच्या गेलेल्या हाताचा हिशोब सांगते. हात गेला म्हणजे कामकऱ्याचं सगळं भांडवल गेलं, हे तिला कळतं. गिरणीत बोटं गेलेली माणसं मी बघितलीत. मला ते लगेच कळलं.

याच जॉनीनं शेजारच्या टॅन्क्रेडबाईच्या पोराचा पत्ता फोडलेला असतो. तो पोरगा मारला जातो. टॅन्क्रेडबाई जिन्यावरून रडत जाते, तेव्हा जूनो हळहळते, पण वरवर. कारण तिच्या लेखी मेलेला फक्त एका गटाचा. मग जॉनीला त्याचेच सोबती ओढून नेतात आन् गोळी घालतात. आता जूनोच्या तोंडी टॅन्क्रेडबाईचीच प्रार्थना येते. ती स्वतःला विचारते की त्या बाईचं दुःख तेव्हा मला का लागलं नाही? माझ्या मते हा सवाल सगळ्या नाटकाहून मोठा आहे. आपल्यात किती गट झाले ते मी मोजत बसत नाही. पण दुसऱ्या गटाच्या पोराला लाठी बसली तेव्हा आपण किती हळहळलो, एवढं प्रत्येकानं छातीवर हात ठेवून सांगावं.

आयर्लंडचा दाखला आपल्याला नवा नाही. १९३६ च्या 'ॲनिहिलेशन ऑफ कास्ट'मध्ये बाबासाहेबांनी रेडमंड आन् अल्स्टरची बोलणी सांगितली आहेत. स्वराज्य आणायला निघालेल्यांनी आधी घरातल्या माणसांचा विश्वास मिळवला का, हा त्यातला मुद्दा. डब्लिनला स्वराज्य आलं. जूनोची खोली तीच राहिली.

आता सिनेमाची तक्रार. नाटकात जूनो रडून थांबत नाही. फसवल्या गेलेल्या गरोदर पोरीला घेऊन ती नवऱ्याचं घर सोडते. मग रिकाम्या खोलीत नवरा दारू पिऊन पडतो, जगाबद्दल बडबडतो. तो शेवट चाबकासारखा बसतो. हिचकॉकनं तो कापला आन् आईच्या विलापावर सिनेमा संपवला. पडद्याला रडणारी आई पाहिजे असते, घर सोडणारी नको असते. शिवाय उधारीसाठी सूट परत न्यायला येणारा शिंपी त्यानं ज्यू करून टाकला, टिंगलीचा. गरिबांवरच्या सिनेमात दुसऱ्या एका हिणवलेल्या जमातीचा बळी! हे आपण माफ करू नये.

१९४० मध्ये सारा हॉलिवूडला गेली. १९४१ च्या 'हाऊ ग्रीन वॉज माय व्हॅली'त वेल्सच्या खाणकामगारांची आई झाली, ऑस्करचं नामांकन मिळालं. बक्षीस मेरी ॲस्टरला गेलं. त्यात ती बर्फातून संपकऱ्यांच्या सभेत जाते, नवऱ्याला हात लावाल तर जीव घेईन म्हणते. बाई पेटते, पण सिनेमा तिला संपकऱ्यांसमोर उभी करतो. जूनोची पोरगी संपावर होती हे आठवलं आन् वाईट वाटलं. त्यानंतर घरमालकिणी, नर्सा, आया अशा बारक्या भूमिका. १९५० मध्ये ती कॅलिफोर्नियात वारली.

आता माझी गोष्ट. गेल्या चौदा एप्रिलला मी आईवर कविता वाचली. तिच्यात आई म्हणजे मशाल, ज्वालामुखी, क्रांतीची जननी. टाळ्या पडल्या. घरी आल्यावर आई म्हणाली, "चांगली व्हती रं. पर ती बाई कोन?" मी हसलो. जूनो बघितल्यावर हसू गेलं. मीसुद्धा लग्नघरात म्हातारी आणून बसवली होती, नवरदेवाचं रक्त मागणारी. माझी आई पहाटे पाण्याच्या रांगेत असते, तिचा गुडघा दुखतो, आन् मोर्चाला निघालं की ती विचारते, "परत कवा येनार?" कवितेत हा प्रश्न नव्हता. तो आला असता तर टाळ्या कमी पडल्या असत्या.

कविता परत लिहायला घेतली आहे. जमली तर पुढच्या अंकाला देईन. सिनेमाही वस्तीत दाखवायचा आहे, चादरीवर. कापलेला शेवट मी तोंडानं सांगेन. बायकांना पुढं बसवा.

जयभीम.