गेथेनची प्रतिसृष्टि आणि व्याकरणांतलें लिंग

विश्वामित्राच्या प्रतिसृष्टीचा दाखला आपण वारंवार देतों, परंतु तींतली खरी अडचण सहसा कोणी लक्षांत घेत नाहीं. नवी सृष्टि निर्माण करणें एक वेळ सोपें. ती नांदती करणें कठीण. परग्रहांवरील प्राणी कल्पिणारे बहुतेक लेखक येथेंच अडखळतात. ते आपल्या प्राण्यांना चार हात देतात, हिरवी कातडी देतात, आणि मग त्यांच्याकडून आपल्याच गांवांतले व्यवहार करवितात. शरीर बदललें, पण घर, न्याय, शिवी आणि दैवत बदललें नाहीं, तर ती सृष्टि नव्हे, सोंग होय.

ह्या कसोटीला उतरणाऱ्या थोड्या कृतींत उर्सुला ल ग्विन (१९२९–२०१८) ह्या अमेरिकन लेखिकेच्या ‘द लेफ्ट हँड ऑफ डार्कनेस’ ह्या १९६९ सालच्या कादंबरीची गणना करावी लागेल. बाईंचे वडील आल्फ्रेड क्रोबर हे मोठे मानववंशशास्त्रज्ञ. परक्या समाजाकडे पाहण्याची त्या शास्त्राची शिस्त कादंबरीच्या बांधणींतच उतरली आहे. गेथेन नांवाच्या सदैव गारठलेल्या ग्रहावर गेनली आय हा पृथ्वीवरचा दूत एकटाच येतो. त्याचें निवेदन, एस्त्रावेन ह्या तेथील पंतप्रधानाची रोजनिशी, पूर्वीच्या निरीक्षकांचीं टिपणें आणि त्या लोकांच्या दंतकथा ह्यांची गुंफण म्हणजे हें पुस्तक.

गेथेनचे लोक मूळ मानववंशाचेच. बाईंनीं त्यांच्यांत एकच नियम बदलला आहे. सव्वीस दिवसांच्या आवर्तनांत एकवीस-बावीस दिवस हे लोक स्त्रीही नसतात आणि पुरुषही नसतात. उरलेल्या दिवसांत, ज्यांना ते ‘केमर’ म्हणतात, जोडीदाराच्या सान्निध्यानें त्यांना कोणतें तरी एक लिंग प्राप्त होतें. तें कोणतें, हें आधीं ठरलेलें नसतें. त्यामुळें एकच व्यक्ति कांहीं मुलांची आई व कांहींचा बाप असूं शकते. ह्या एका नियमापासून सारी समाजरचना क्रमाक्रमानें निघते. वंश आईकडून मोजला जातो. बाळंतपण कोणाच्याही वांट्याला येऊं शकतें, म्हणून त्याचा भार एका वर्गावर कायमचा पडत नाहीं. केमरचे दिवस ही सर्वांची हक्काची रजा असते. राजालाही दिवस जातात आणि त्यांत कोणाला नवल वाटत नाहीं.

हीच तर्कशुद्धता लहानसहान गोष्टींतही आढळते. गेथेनवर उडणारा एकही जीव नाहीं. म्हणून यंत्रें असूनही विमानाची कल्पना तेथें कोणाला सुचलेली नाहीं. चालू वर्ष हें नेहमीं पहिलेंच. मागचीं-पुढचीं वर्षें त्यापासून मोजावयाचीं. मानापमानाचा जो सूक्ष्म आचार तेथील सारें राजकारण चालवितो, त्या ‘शिफग्रेथोर’ ह्या शब्दाचें मूळ ‘सावली’ ह्या अर्थाच्या जुन्या शब्दांत आहे. अशा तपशिलांनीं सृष्टीला वजन येतें.

ही स्वर्गभूमि मात्र नव्हे. गेथेनवर खून पडतात, वैरें पिढ्यान् पिढ्या चालतात; युद्ध तेवढें अद्याप झालेलें नाहीं. त्याचें श्रेय लिंगभेदाच्या अभावाला द्यावें कीं जीवघेण्या थंडीला, हा प्रश्न निरीक्षिका उपस्थित करते आणि उघडा ठेवते. उलट ओरगोरेन ह्या शेजारच्या राष्ट्रांत कचेऱ्या, गुप्त पोलिस आणि बंदिशाळा वाढत आहेत आणि युद्धाची चाहूल लागली आहे. सत्तेचा लोभ केवळ पुरुषांचा दोष आहे, असा सोपा निष्कर्ष बाईंनीं काढलेला नाहीं, ही त्यांच्या विचाराची प्रौढता होय.

कादंबरीचें वैगुण्य भाषेंत आहे. ह्या लोकांसाठीं बाईंनीं इंग्रजींतलें पुल्लिंगी सर्वनामच योजिलें. परिणाम असा कीं वाचकाच्या डोळ्यांसमोर पुरुषच उभे राहतात. आणि एस्त्रावेन बहुतेक राजकारणांत व प्रवासांतच दिसत असल्यानें तो ग्रह अधिकच दृढ होतो. १९७६ सालच्या एका निबंधांत बाईंनीं ह्या सर्वनामाचें समर्थन केलें. पुढें त्याच निबंधाला टीपा जोडून तें मागें घेतलें. तत्पूर्वीं गेथेनवरील आपली एक जुनी कथा १९७५ सालच्या संग्रहांत घेतांना त्यांनीं सर्व गेथेनवासी पात्रांना स्त्रीलिंगी सर्वनाम दिलें. ‘राजा’ ही पदवी मात्र तशीच ठेवली. कल्पनेनें जें साधलें तें व्याकरणानें अडविलें, असा हा झगडा आहे.

मराठी वाचकाला तो विशेष जाणवेल. इंग्रजी क्रियापद लिंग सांगत नाहीं. आपलें पदोपदीं सांगतें. ‘मी आलों’ म्हटलें कीं पुरुष, ‘मी आलें’ म्हटलें कीं स्त्री. एस्त्रावेनची रोजनिशी मराठींत उतरवूं लागल्यास पहिल्याच वाक्याशीं पेंच पडेल. तरी आपल्याजवळ इंग्रजीला न लाभलेलें एक साधन आहे. ‘माणूस’ हा शब्द एरवीं पुल्लिंगी. पण जिव्हाळ्यानें बोलतांना आपण ‘आपलें माणूस’, ‘घरचें माणूस’ म्हणतों. ह्या नपुंसकलिंगांत उणेपणा नाहीं. बाई कीं पुरुष हा विचार तेथें मागें पडलेला असतो आणि केवळ नातें उरतें.

कादंबरीचें मर्मही हेंच आहे. बर्फाच्या पठारावरील सुमारें ऐंशीं दिवसांच्या प्रवासांत, एकाच तंबूंत राहून, गेनलीला उमगतें कीं एस्त्रावेनवर आपला विश्वास बसत नव्हता, कारण त्याच्यांतली स्त्री आपण पाहण्याचें नाकारीत होतों. तोंवरच्या त्याच्या निवेदनांत ‘बायकी’ हा निंदेचा शब्द आहे. आपला पूर्वग्रह त्याला दिसत नाहीं, वाचकाला दिसतो. ओळख पटते तेव्हां उशीर झालेला असतो. सीमेवर पहारेकऱ्यांच्या हातून एस्त्रावेनला मरण येतें.

नवीन माणूस भेटतांच ‘बाई कीं पुरुष’ हें आधीं ठरवून मगच आपण त्याचे गुण मोजतों. तें माप काढून घेतल्यास आपल्या हातीं काय उरेल, असा ह्या ग्रंथाचा प्रश्न आहे. सर्वनामाचा दोष पदरीं घेऊनही तो प्रश्न टिकून राहतो, म्हणूनच ही प्रतिसृष्टि सोंग ठरत नाहीं.